काय म्हणाला तो?

आज मी बोलून बोलून शेजारणींना बेजार करते, त्याचं श्रेय म्हणा नाहीतर दोष म्हणा, माझ्या सासऱ्यांचा.

लग्न होऊन या घरात आले तेव्हा मला इथली भाषा ओ की ठो कळत नव्हती. नवरा माझ्या भाषेत बोलायचा, पण तो दिवसभर कामावर. शेजारणीने माझं नाव ‘मुकी’ ठेवलं, आणि तेवढं मात्र मला लगेच कळलं. महिनाअखेर माहेरी जायचं आणि परत यायचं नाही, असं मी ठरवून टाकलं. बॅगही भरली.

सासरे शिंपी. तोंडात कायम टाचण्या, त्यामुळे बोलणं कमीच. वेड एकाच गोष्टीचं, एका जुन्या खुनाच्या सिनेमाचं. हॉटेलच्या लिफ्टमध्ये प्रेत सापडतं आणि एक इन्स्पेक्टर सगळ्यांना पिडतो. “खुनी सापडो न सापडो, या इन्स्पेक्टरचा कोट शिवताना कुणी बिघडवला तो सापडला पाहिजे,” हे सासऱ्यांचं ठरलेलं वाक्य.

एका रविवारी त्यांनी मशीन बंद करून मला टीव्हीसमोर बसवलं. सिनेमा सुरू झाला आणि इन्स्पेक्टर चक्क माझ्या भाषेत बोलायला लागला! ती डब केलेली प्रत त्यांनी कुठून पैदा केली, देव जाणे. मला रडूच आलं.

पण रडायला सवड कुठे होती? सासरे घडीघडी विचारायचे, “काय म्हणाला तो?” मी त्यांच्या भाषेतले तोडकेमोडके शब्द जोडून सांगायची. चुकलं की कोऱ्या चेहऱ्याने तोच प्रश्न पुन्हा. असा संताप आला म्हणून सांगू! शेवटी “डॉक्टर खुनी!” असं मी ओरडले, तेव्हा सासूबाई हसत स्वयंपाकघरातून बाहेर आल्या. पुढच्या रविवारी पुन्हा तोच सिनेमा, आणि त्याच्या पुढच्याही. महिनाअखेर आली तेव्हा बॅगेतल्या साड्या कपाटात होत्या.

वर्षभराने मी तो सिनेमा त्यांच्या भाषेत पाहिला. माझा इन्स्पेक्टर गोड बोलून केसाने गळा कापणारा, यांचा नुसता खेकसणारा. मला दोघेही आवडतात. पण शेजारी बघते तर काय, हातशिलाई करता करता सासरे इन्स्पेक्टरच्या आधीच त्याचे संवाद पुटपुटत होते, अगदी शब्द न् शब्द.

मी उसळलेच. “बाबा, तुम्हाला सगळं पाठ होतं! मग मला कशाला छळलंत?”

त्यांनी सुई थांबवली. “सिनेमा पाठच होता गं. तुझा आवाज घरात कुणी ऐकला नव्हता.”