सगळा मोगरा एकाच आठवड्यात

"बेन, आज माल नका पाठवू," वापीचा व्यापारी फोनवर म्हणाला. "कालनो माल हजी पड्यो छे. मी काय करू त्याचं?"

"मुंबईला पाठवते मग," मी म्हटलं.

"पाठवा ना. तिथे पण हेच ऐकाल."

तिथेही तेच ऐकलं. फोन ठेवला तेव्हा तलासरी तालुक्यातल्या एका पाड्यावर आमच्या कलेक्शन सेंटरच्या पत्र्याखाली मोगऱ्याच्या कळ्यांचं वजन चालू होतं. भल्या पहाटे उठून बायकांनी तोडलेल्या कळ्या. मोगऱ्याची कळी संध्याकाळपर्यंत फुलते. फुलली की तिचा गजरा होत नाही, आणि गजरा होत नाही तिला गिऱ्हाईक नाही. म्हणजे आज विकला नाही तो माल उद्या मालच राहत नाही.

मी एका शेतकरी उत्पादक कंपनीत मार्केटिंग बघते. शेतकऱ्यांनी एकत्र येऊन काढलेली कंपनी. शेअरहोल्डर तेच, माल त्यांचाच. त्याआधी मी वापीच्या एका कारखान्यात परचेसला होते. तिथे समोरच्याचा भाव पाडायचा पगार मिळायचा, इथे आपल्या मालाला भाव मिळवायचा मिळतो. दोन्ही बाजू पाहिल्याचा फायदा होतो.

त्या फेब्रुवारीत भाव इतका खाली गेला की तोडणीची मजुरीही सुटेना. पाड्यावर मीटिंग बसली. यमुनाताई आमच्या डायरेक्टर. तिची स्वतःची मोगऱ्याची झाडं नुकती भरात आली होती. ती उगाच बोलत नाही.

"मॅडम, घरात एकच बोलणं चाललंय," ती म्हणाली. "मोगरा उपटायचा, जमीन गवतावर सोडायची, गवत विकायचं आणि मी संजाणला कंपनीत कामाला जायचं. पाऊस पडायच्या आत ठरवायचं हाय."

"आमच्या घरी पण तेच," आणखी दोघी म्हणाल्या. मोगऱ्याचं झाड एकदा लागलं की वर्षानुवर्षं फुलं देतं. उपटायला मात्र एक दुपार पुरते.

यमुनाताईचा दीर जान्या मागे खांबाला टेकून बसला होता. "व्यापारी चोर हाय," तो म्हणाला. "मॅडम त्यालाच फोन लावतात, म्हणून त्याचं फावतं."

"जान्यादादा, एक व्यापारी चोर असता तर दुसऱ्याने जास्त भाव दिला असता," मी म्हटलं. "वापी आणि मुंबई दोघंही एकच भाव सांगतात. याचा अर्थ माल जास्त झालाय."

"माल जास्त तर लोक जास्त घेतील ना? स्वस्त झाला की."

हा प्रश्न चांगला होता. टोमॅटो स्वस्त झाला की घरात चटणी वाढते. मोगऱ्याचं तसं नाही. मी समोरच्या बायकांना विचारलं, "गजरा अर्ध्या किमतीत मिळाला तर तुम्ही दोन माळाल?"

"डोकं एकच हाय," कोणीतरी म्हणालं आणि सगळ्या हसल्या.

म्हणजे माल दुप्पट आला तरी गिऱ्हाईक तेवढंच. मग भाव नुसता उतरत नाही, आपटतो. मोगऱ्याच्या धंद्यातली ही पहिली गोष्ट. पण माल एकाच वेळी एवढा का येतो, हे मलाही माहीत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी डहाणूच्या ऑफिसात आमच्या सीईओंना भेटले. माणूस हुशार, पण त्यांचा जीव मशीनवर.

"कोल्ड रूम टाकू," ते म्हणाले. "प्रपोजल करा."

"सर, बटाटा असता तर केलं असतं. कळी फार तर एक-दोन दिवस थांबेल. इथे महिनाभर भाव पडलाय."

"मग ब्रँडिंग करू. पॅकिंग, लेबल."

"केसात माळल्यावर लेबल कोण बघतं, सर?"

"मग तुमचं म्हणणं काय?"

"आधी चारोटीला जाऊन येते."

चारोटी नाक्यावर सकाळी सगळीकडच्या जीपा येतात. कासा, विक्रमगड, जव्हार, आमचा तलासरीचा भाग. तिथून फुलांच्या पिशव्या हायवेच्या गाड्यांवर चढतात. मी चहाच्या टपरीपाशी उभी राहिले. जी जीप येई तिच्या टपावर मोगरा. पिशव्या घेऊन उतरणाऱ्यांना मी एकच विचारत गेले, छाटणी कधी केली?

"भात झोडून झाल्यावर."

"भात झोडलं ना, मग."

"भात झोडल्याशिवाय कोण मोकळं असतं, बाय?"

उत्तर मिळालं. मोगऱ्याचं पाणी तोडतात, छाटणी करतात, खत घालतात, पुन्हा पाणी देतात. त्यानंतर काही आठवड्यांनी कळ्या येतात. छाटणी कधी, यावर कळी कधी हे ठरतं. आणि आमच्याकडे छाटणी सावडीने होते. सावड म्हणजे आज सगळ्यांनी मिळून माझ्या शेतात काम करायचं, उद्या तुझ्या. मजुरी द्यावी लागत नाही आणि काम पटकन उरकतं. भात झोडून झालं की एका आठवड्यात सगळा पाडा छाटून मोकळा. शेजारचा पाडाही. त्याच्या पलीकडचाही. मग कळ्याही सगळ्यांच्या एकाच आठवड्यात सुरू होतात आणि महिनाभर चालतात. चांगल्या रिवाजानेच भाव पाडला होता.

पुढच्या मीटिंगला मी सांगितलं, छाटणी तीन वेळा करा. काही आधी, काही नेहमीच्या वेळी, काही उशिरा.

जान्या लगेच म्हणाला, "आधी कोण करणार? भात कापायचं सोडून मोगरा? आणि उशिरावाल्याला उन्हाळ्यात पाणी तुम्ही देणार?"

दोन्ही अडचणी खऱ्या होत्या. लवकर छाटलं तर थंडीत कळी कमी धरते. उशिरा छाटलं तर विहीर तळाला जाते. जास्त भाव मिळतो त्याचं कारणच हे असतं, की त्या वेळी माल काढणं अवघड असतं. सोपं असतं तर सगळ्यांनी काढला असता.

"मग चिठ्ठ्या टाका, कोण आधी, कोण मागून," एकीने सुचवलं.

"चिठ्ठीत ज्याचं वाईट निघेल तो वर्षभर मला शिव्या घालेल," यमुनाताई म्हणाली. "त्यापेक्षा प्रत्येकाच्या शेताचे तीन तुकडे करा. सावड तीनदा फिरेल. आधीचा तुकडा लहान ठेवू. भात कापायला वाकवत नाही त्या म्हाताऱ्या बसून छाटतील. मागचा तुकडा विहिरीजवळचा घेऊ."

नुकसान झालं तर सगळ्यांचं थोडं, फायदा झाला तर सगळ्यांचा थोडा. शेअर बाजारातले सल्लागार हेच सांगायची फी घेतात. मी फक्त मान डोलावली.

"आणि उपटायचं?" मी विचारलं.

"एक साल थांबते. घरच्यांना मी सांगते," ती म्हणाली.

जान्याला तीन तुकडे पटले नाहीत. "मी आपला एकदाच छाटणार. तीन-तीनदा कोण फिरेल?"

पुढच्या जानेवारीत आमची कळी थोडी आली, पण चांगल्या भावाने गेली. फेब्रुवारीत भाव पुन्हा आपटला, पण तेव्हा आमच्याकडे विकायला फक्त मधला तुकडा होता. एप्रिलच्या लग्नांत वापीच्या व्यापाऱ्याने स्वतः फोन केला. "बेन, आणखी थोडा माल निघेल का?" जान्याचा मात्र सगळा मोगरा फेब्रुवारीत गेला, मातीमोल. यमुनाताईच्या घरी गवताचं बोलणं बंद झालं.

ही गोष्ट इथे संपवली असती तर मी फार हुशार ठरले असते. पण चारोटीला आमच्याही पिशव्या लोकांना दिसतात. पुढच्या साली शेजारच्या पाड्यांनी तुकडे केले. काहींनी तर मधली छाटणी सोडूनच दिली आणि सगळं आधी किंवा सगळं उशिरा केलं. फेब्रुवारीत नाक्यावर मोगरा कमी पडला. भाव त्या वर्षातला सगळ्यात चांगला. आणि भरपूर माल कोणाकडे? जान्याकडे.

तो सेंटरवर मुद्दाम थांबला. "काय मॅडम, माझं बरोबर होतं ना?"

"यंदा बरोबर. दोन्ही वर्षं तुम्ही एकच केलंत, दादा. बदलले ते बाकीचे."

"मग पुढच्या साली मी काय करू?"

"ते मला कळत असतं तर मी नोकरी केली असती का?"

यमुनाताई वजनकाट्यापाशी उभी होती. फेब्रुवारीच्या भावात तिलाही वाटा मिळाला होता, मधल्या तुकड्यापुरता. "तुला जितकं मिळालं तितकं मला नाय मिळालं," ती दिराला म्हणाली. "पण गेल्या साली तू माझ्याकडनं तांदूळ नेलेस." आणि पिशवी काट्यावर ठेवली. ती आजही तीन तुकडेच करते, आणि त्या पाड्यावर कोणी मोगरा उपटलेला नाही.

कुठल्या वेळी, कशात, किती भाव मिळेल हे खात्रीने सांगणारी माणसं मला कामात नेहमी भेटतात. मी वाद घालत नाही. एवढंच विचारते, हे तुम्ही आणखी किती जणांना सांगितलंय?