वकीलबाईंपुढे खोटं चाललं नाही

२०१९ साल. मी एकसष्ट वर्षांचा होतो आणि तोवर कुठल्या वकिलाची पायरी चढलो नव्हतो. खेडला एसटी स्टँडमागे, जिना चढून गेलं की लिमये वकीलबाईंची खोली. मी नोटीस पुढे केली. त्यांनी ती न वाचताच टेबलावर पालथी घातली.

"कागदाला मी मागाहून विचारीन. आधी तुम्ही बोला."

येईल त्याला त्यांची हीच रीत. माणूस काय लपवतो ते त्यांना आधी ऐकायचं असे.

मी सांगितलं. आम्ही नऊ जण जगबुडीच्या खाडीत हातपाटीने वाळू काढणारे. होडीतून बांबू रोवायचा, त्याला धरून तळाशी बुडी मारायची, बादली भरली की वरचा दोरीने ओढतो. यंत्र नाही. परवाने आमच्या नावांवर. एक ठेकेदार आला, वाळू विकून देतो म्हणाला, एका कागदावर सह्या घेतल्या आणि आमच्या परवान्यांवर बंदी असलेला सक्शन पंप लावला. पंप पकडला गेला, तेव्हा हा हात झटकून मोकळा. होड्या जप्त झाल्या आमच्या, आणि परवाने रद्द का करू नयेत, हे विचारणाऱ्या नोटिसाही आम्हालाच.

"सही करताना कागद वाचलात?"

"वाचला की."

बाईंनी कचेरीतून त्या कागदाची नक्कल काढली. पुढच्या खेपेला मला वाचून दाखवली. दुसऱ्याच ओळीत होतं, पंप लावायला आमची संमती आहे.

"वाचून सही केलीत म्हणता. मग परवाना गेला, गणपतराव."

"बाई, मी काय अडाणी वाटलो तुम्हाला?"

"अडाणी नाही, खोटारडे वाटलात. बसा."

दुसरं कोणी असं बोललं असतं तर मी जिना उतरलो असतो. बसलो, पण खरं सांगितलं नाही. खरं ते एवढंच. मी तिसरी शिकलेला. मोठं छापील अक्षर लावत लावत वाचतो, पण असला दाट टाइप केलेला कागद म्हणजे मला नुसत्या मुंग्या. आमच्यात शाळेत गेलेला मी एकटा. सहीच्या दिवशी नवांतला दत्ताराम म्हणाला होता, "दादा, तू वाचलास ना? मग झाला." मी कागदावरून सावकाश नजर फिरवली आणि म्हटलं, "बरोबर आहे. करा सह्या."

पंधरा दिवस बाई विचारत राहिल्या. "लाज बाळगायची तर घरी बाळगा, तारीख काही तिच्यासाठी थांबत नाही." शेवटी सुनावणीच्या दिवशी, प्रांत कचेरीच्या पायऱ्यांवर, मी सांगून टाकलं. त्या ओरडल्या नाहीत. म्हणाल्या, "हेच आत बोला. मी तुमच्या तोंडात शब्द घालणार नाही."

आत ठेकेदाराचा वकील म्हणाला, "साहेब, गावात हेच कागद वाचणारे म्हणून ओळखले जातात." साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी बाईंकडे पाहिलं. त्या खिडकीबाहेर बघत होत्या. 

"नाही साहेब. मी नुसतं वाचल्यासारखं केलं."

जबाब लिहून घेतला. बाकीच्या आठांचं ऐकून मगच निकाल, म्हणाले.

बाहेर आल्यावर वाटलं, सुटलो. बाईंनी थांबवलं. "पुढच्या आठवड्यात ते आठ जण काय सांगतील?"

"गणपतने वाचून खात्री केली, असंच."

"म्हणजे कागद समजून सह्या केल्या. ते बुडाले आणि तुमचा जबाबही बुडाला. इथे हरलो तर वर अपील आहे, हायकोर्ट आहे, मी सगळीकडे येईन. त्या आठ दारांत मात्र तुम्ही एकट्याने जायचं."

बाई गेल्या त्याला आता दोन वर्षं झाली. असं तोंडावर बोलणारं माणूस मला पुन्हा भेटलं नाही.

सुनावणीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी आधी दत्तारामच्या दारात गेलो. होडी जप्त, म्हणून तो ओट्यावर रिकामाच बसलेला. त्याच्या बायकोने पाणी पुढे केलं. मी घेतलं नाही, उभ्यानेच सगळं सांगितलं.

दत्ताराम ओट्यावरून उठला. मग म्हणाला, "म्हंजे तवा कागदाकडं नुसता बघत व्हतास?"

"व्हय. नुसता बघत होतो."

तो पुढे काही बोलेल म्हणून थोडा थांबलो. मग दुसऱ्या दाराकडे निघालो.