‘नको’ म्हणणारे काका

कॉम्प्युटरने विचारलेला प्रत्येक प्रश्न शेवटच्या अक्षरापर्यंत वाचून मगच उत्तर देणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो म्हणजे माझ्या मावशीचे यजमान. मिलमध्ये साचे, म्हणजे कापडाचे माग, चालवण्यात त्यांची उमर गेली. संपाला पंधरा-सोळा वर्षं उलटली तरी ‘काय करता?’ म्हणून कोणी विचारलं की ते शांतपणे सांगत, “संपावर आहे.” परळला माझं लग्नपत्रिका छापायचं एवढंसं दुकान होतं. काका एकदा तिथे सहज म्हणून आले आणि कॉम्प्युटरसमोरच्या खुर्चीत बसले ते रोजचेच. पडद्यावर चौकट आली की आपण डोळे मिटून ‘ओके’ दाबतो. काका आधी चष्मा पुसत, मग डिक्शनरी काढत. “कबूल नसताना ओके कसं म्हणायचं?” हा त्यांचा सवाल. एकदा नवऱ्यामुलाचा बाप पाऊण तास ताटकळला, कारण प्रिंटरच्या एका सूचनेतला एक शब्द काकांना पटत नव्हता.

त्यांचा खरा जीव जडला होता तो डीएलएल नावाच्या फायलींवर. पडद्यावर चित्र उमटवणं, रंग भरणं असली कामं करणारी फाइल एकच असते आणि चार-पाच प्रोग्रॅम मिळून तीच वापरतात, हे कळल्या दिवशी काका हरखून गेले. “म्हणजे आपल्या चाळीचा भाताचा मोठा टोप,” ते म्हणाले. “मालक कोणी नाही, पण लग्न निघालं की सगळ्यांना तोच.” मग कोणती फाइल कोणाकोणाला लागते याची त्यांनी शंभर पानी वही केली. जुना प्रोग्रॅम काढताना कॉम्प्युटर विचारायचा, ‘ही सामाईक फाइल आता कोणी वापरत नाही असं दिसतं, काढून टाकू?’ काका दर वेळी ‘नको’ दाबत. मी चिडलो की आपल्या मालवणीत म्हणत, “कोणाचा काय अडतला, ता ह्याका काय ठाऊक, झिला?” या ‘नको’पायी कॉम्प्युटर गच्च भरला होता.

खरं सांगायचं तर दुकानात खुर्चीही एकच मावत होती आणि मी पगारी ऑपरेटर ठेवायचं ठरवलं होतं. शनिवारी काकांना सांगायचं, आता येऊ नका. शुक्रवारी ते घरी गेल्यावर मी चित्रांचा एक जुना प्रोग्रॅम काढला, नेहमीचा प्रश्न आला आणि मी ‘सगळ्याला होय’ दाबून मोकळा झालो.

शनिवारी सकाळी पत्रिकेचा प्रोग्रॅम उघडेचना. भोईवाड्याचे एक गृहस्थ मुलीची पत्रिका नजरेखालून घालायला आले होते, दुपारी ती छापायला घ्यायची होती. काकांनी पडद्यावरची चौकट दोनदा वाचली, वही उघडली आणि पिशवीतल्या पावडरच्या डब्यातून एक फ्लॉपी काढली. तिच्यात सामाईक फायलींच्या प्रती होत्या आणि तिच्यावर लिहिलं होतं, ‘लागेल’. पाच मिनिटांत पत्रिकेवरचा गणपती सगळ्या रंगांसकट हजर झाला.

गृहस्थ गेल्यावर काकांनी विचारलं, “काल होय म्हणालास?”

“कोणी वापरत नाही असं लिहिलं होतं, काका.”

ते चष्मा पुसत राहिले. “ह्यो निदान इचारता तरी. मिल बंद करतना आमका कोणी इचारूक नाय.”

मला माझीच लाज वाटली. शनिवारी सांगायचं ते मी कधीच सांगितलं नाही. ऑपरेटरसाठी दाराशी एक स्टूल टाकलं, स्टुलाचे पाय थोडे फुटपाथवर यायचे, पण निभावलं.

काका जाऊन आता बरीच वर्षं झाली. वही माझ्या खणात आहे, तिच्यातले प्रोग्रॅम केव्हाच गेले. हल्लीचे कॉम्प्युटर हुशार आहेत. जुनं काही काढायचं झालं की मुकाट्याने काढून टाकतात, कोणाला काही विचारत नाहीत. तरी बटण दाबल्यावर मी क्षणभर थांबतो. विचारलंच तर ‘नको’ म्हणायला कोणीतरी हवं ना.