मयताचे वकील

कादंबरीत माणूस मेला की वकीलसाहेब पुस्तक मिटत, चष्मा काढत आणि समोरच्याला विचारत, “याचं नाव काय होतं?” नाव सांगता आलं नाही की संपलंच. मग त्या बिननावाच्या माणसाच्या बाजूनं असा काही युक्तिवाद चाले, की नायकाची वाहवा करायला आलेली मंडळी गुमान चहाची वाट बघत बसत.

अमरावतीत आमचं रविवारचं वाचनमंडळ आहे. वाचनालयाची मागची खोली, थोड्या खुर्च्या, एक कुरकुरणारा पंखा आणि सगळी तोंडाळ माणसं. वकीलसाहेबांनी हयातभर फौजदारी वकिली केली, तीही आरोपींच्या बाजूनं. “जिंदगीभर मारनाऱ्यायले सोडवलं,” ते म्हणत, “आता मेलेल्यायची वकिली करून राहिलो. फी नाई भेटत, पन पक्षकार मोठे जिद्दी हायेत.” म्हणून आम्ही त्यांना ‘मयताचे वकील’ म्हणायचो, आणि ते त्यांना मनापासून आवडायचं.

त्यांना वेड एकाच जातीच्या कादंबऱ्यांचं, सरहद्दीच्या. वस्ती संपून डोंगर सुरू होतो, जंगल तोडून नवी शेतं निघतात आणि कायदा अजून मागच्या गावात मुक्कामाला असतो, अशा मुलखातल्या गोष्टी. देश कुठलाही चाले. “जिथं कोर्ट पोचलं नाई, तिथं माही प्रॅक्टिस!” ते म्हणत. नायकाच्या बाजूनं उभे राहत आमचे निवृत्त हेडसर. “अहो वकील, तो काळच तसा होता!” हेडसर कडाडत. “काळ कोनाले मारत नाई, हेडसर. बंदूक मानसाच्याच हातात असते.” दोघं असे भांडत, की वाचनालयाचा शिपाई दारातून डोकावून जाई.

पण साहेब काही सोवळे नव्हते. एकदा कुणीतरी अशी कादंबरी आणली, की तिच्यात सरहद्दीवर सगळे एकमेकांना मिठ्या मारतात आणि गुण्यागोविंदानं जमीन वाटून घेतात. साहेब असे भडकले म्हणता! “रक्त काहून पुसून ठेवलं यानं? सांडलं त लिवा ना, सांडलं म्हनून. फक्त कोनाचं सांडलं, तेबी लिवा.”

मग माझी पाळी आली. मी वलगावची, झेंडू-शेवंती पिकवणाऱ्या घरातली. माझी पहिली कादंबरी सातपुड्याच्या पायथ्याशी पहिला नांगर घालणाऱ्या माणसाची. नायक म्हणजे सरळसरळ माझे खापरपणजोबा. खिंडीतून ज्वारी चोरायला आलेल्या डोंगरातल्या माणसाला ते एका घावात आडवं करतात, हा प्रसंग आमच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या मिशीवर ताव देऊन सांगितला गेलाय. प्रकाशकालाही तेच प्रकरण सगळ्यात आवडलेलं. छपाईला जाण्याआधी मी ते मंडळात वाचलं. हेडसरांनी “शाब्बास!” ठोकली. वकीलसाहेबांनी चष्मा काढला.

“याचं नाव काय होतं?”

“चोर होता तो, साहेब.”

“तो त्याचा धंदा झाला, तोबी एका रातीचा. काय नेत होता?”

“टोपलीभर ज्वारी.”

“कोनासाठी?”

“मला काय माहीत!”

“तुले नाई, त मंग कोनाले माहीत असन, पोरी? जन्माले तूनंच घातलं त्याले, मारलंबी तूनंच. मधात एकदा त विचारलं असतं!”

सगळे हसले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. “माझ्या खापरपणजोबांना खुनी ठरवायचंय का तुम्हाला?” म्हणत मी कागद उचलले आणि तरातरा निघाले. मागून त्यांचा शांत आवाज आला, “त्यायले काई नाई करत वं. तुले साक्षीदार करून राहिलो.”

कित्येक रविवार मी तिकडे फिरकले नाही. मग त्यांचं म्हणणं खोडून काढायचं म्हणूनच लिहायला बसले. घ्या, दिलं नाव! पण नाव दिलं तसं त्याला घर आलं, घरात दोन भुकेली तोंडं आली. घर आलं म्हणजे घराची जागा हवी. ती शोधायला गेले, तर नेमकी माझ्या खापरपणजोबांच्या ज्वारीखाली निघाली! मी हादरलेच. घाव मी काढला नाही, पडायचा तो पडलाच. पण आता मारणाऱ्याला आपण कुणाला मारतोय ते माहीत होतं, आणि त्या साली त्याच्या घशाखाली भाकर उतरली नाही. बाबांनी ते प्रकरण अंगणात बसून वाचलं आणि म्हणाले, “राहू दे असंच.”

एव्हाना साहेबांना अंथरूण धरावं लागलं होतं, आणि मुलगा त्यांना अकोल्याला घेऊन गेला होता. मी मूर्तिजापूरमार्गे एसटीनं गेले. उशाशी बसून नवं प्रकरण वाचलं. ते डोळे मिटून ऐकत होते. घाव पडला तेव्हा त्यांचा हात सवयीनं नाकाकडे गेला, पण चष्मा नव्हता.

“नायकाविरुद्ध तक्रार कायम हाय,” ते म्हणाले. “लेखिकेविरुद्ध नाई.” आणि आत हाक मारली, “सूनबाई, चहा मांडा! पोरगी केस जिंकून आली.”

मी ढसाढसा रडले, त्यांच्या सुनेसमोरच.

पुस्तक हातात येईपर्यंत साहेब राहिले नाहीत. त्यानंतर मंडळात पहिल्यांदाच सरहद्दीची एक नवी कादंबरी वाचायला घेतली. तिसऱ्याच प्रकरणात एक गाडीवान गोळी लागून पडला, आणि लेखक खुशाल पुढे निघाला. साहेबांच्या खुर्चीकडे बघायची कुणाची छाती होईना.

तेवढ्यात हेडसर उठले. स्वतःची खुर्ची फरफटत त्यांनी पलीकडे, साहेबांच्या बाजूला नेली. “आज मयतातर्फे मी,” म्हणाले. मग चष्मा काढला आणि आम्हा सगळ्यांवर नजर फिरवून विचारलं, “याचं नाव काय होतं?”