मोदकाच्या कळ्या

“हिचं बरं आहे बाई, कसलं टेन्शन नाही,” शेजारच्या सुलभाकाकू माझ्याकडे बघत आईला म्हणाल्या.

आज हळदीच्या पानांचा वास आला आणि फणसवाडीतली ती गणपतीची सकाळ आठवली. मी मोदकांना कळ्या पाडत होते. छातीतली धडधड वाढू नये म्हणून त्या मनात मोजत होते. ऑफिसला जातानाही महिनाभर अशाच पायऱ्या मोजायचे. मोजण्याच्या नादात कळ्या इतक्या झाल्या, की पारी फाटून सारण बाहेर आलं.

काकू गेल्यावर आईने विचारलं, “काय होतंय तुला?”

तेव्हा वाटलं, पकडले गेले. आता वाटतं, ती कधीची विचारायला थांबली होती.

“काही नाही” अगदी ओठांवर होतं.

“आई, मला रोज भीती वाटते. कशाची, तेच कळत नाही.”