मोहावरचं कलम

कलमं बांधणं हा माझा धंदा आहे, आणि कलम हा शब्द कानावर पडला की हल्ली माझं डोकं फिरतं.

माझे वडील मुरबाडला घरामागच्या वाडीत आंब्याची कलमं बांधायचे. त्यांच्या हाताखाली मी शिकले. खुंट म्हणजे मुळावर उभं असलेलं साधं रोप, काडी म्हणजे निवडलेल्या झाडाची कोवळी फांदी. खुंटाला चीर द्यायची, काडी पाचरीसारखी तासून तिच्यात बसवायची, वर प्लास्टिकची पट्टी घट्ट गुंडाळायची. या एवढ्या शिदोरीवर मला जंगलातली झाडं सुधारण्याच्या एका प्रकल्पात नोकरी मिळाली. शहापूरहून भातसानगरकडे जाणाऱ्या रस्त्याला आमची रोपवाटिका आहे. हिरव्या जाळीखाली बसून मी तिथे मोहाची कलमं बांधते.

काम चांगलं आहे, हे आधीच सांगून टाकते, नाहीतर मला शिकलेल्यांचं वावडं आहे असं कोणाला वाटायचं. एका रानात मोहाची शंभर झाडं असली तरी सगळी सारखी नसतात. एखादा मोह दरवर्षी फुलांचा सडा घालतो, एखादा नुसताच सावली देतो. बी पेरून चांगल्या मोहाचा मोह मिळेल याची खात्री नाही, कारण परागकण कुठून आले कोणाला ठाऊक. त्या बियाचा बाप कोण ते सांगता येत नाही. कलमाचं तसं नाही. कलम म्हणजे तेच झाड, तीच जनुकं, फक्त पायाखालची मुळं दुसऱ्याची. म्हणून उत्तमातली उत्तम झाडं हुडकायची, त्यांची कलमं एका बागेत एकत्र लावायची, ती आपापसात फळली की त्यांचं बी वाड्यापाड्यांना द्यायचं. प्रयोगशाळेत पानावरून सांगतात की हे कलम अमुक झाडाचंच आहे. मला याचं अजूनही नवल वाटतं. एका पानावरून झाडाची ओळख पटते, आणि समोर उभ्या असलेल्या बाईची पटत नाही, हे नवल त्याहून मोठं.

ती बाई सिद्धगडाच्या पायथ्याच्या एका पाड्यावर राहते. मी तिला मावशी म्हणते. पाड्याच्या वर, रानाच्या कडेला एक मोठा मोह आहे. कागदावर तो कोणाचा ते मला माहीत नाही, पण पाड्यावर विचाराल तर शेंबडं पोरही सांगेल की तो मावशीच्या घरचा. तिच्या सासूने त्याखालची फुलं वेचली, सासूच्या सासूने वेचली. दुसऱ्याच्या मोहाखालचं फूल तिथे कोणी उचलत नाही. आमच्या लोकांनी सलग दोन हंगाम त्या झाडाची फुलं मोजली, तेव्हा रोज पहाटे आधी येऊन झाडाखालचा पाला झाडून ठेवणारी मावशीच होती. त्या सगळ्या पट्ट्यात हा मोह पहिला आला.

मग आमच्या प्रकल्पाचे साहेब पाड्यावर गेले. त्या दिवशी मी रोपवाटिकेत होते, त्यामुळे पुढचं मी नंतर दोन्हीकडून ऐकलं आणि दोन्हीकडचं जुळलं. साहेबांनी मोहाच्या बुंध्याला पिवळा पट्टा मारून घेतला, त्यावर नंबर टाकून घेतला, आणि जमलेल्या माणसांना सांगितलं, "आता याचं कलम होणार. होळीच्या आत आमची माणसं येतील. तोवर याला कोणी हात लावायचा नाही." एवढं बोलून गाडीत बसले आणि निघून गेले. चहासुद्धा घेतला नाही. दोन घोट घ्यायला थांबले असते तर कोणीतरी काहीतरी विचारलं असतं.

आता जरा शहापूर-मुरबाडच्या माणसाच्या जागी उभं राहून बघा. आमच्याकडे झाडावर रंग आणि आकडा पडतो तो तोडीच्या आधी. रस्ता रुंद करायचा असो, विजेचे मनोरे न्यायचे असोत, आधी पट्टा येतो, मग आकडा, मग करवत. आणि कलम? आंब्याचं कलम पाड्यावरही ठाऊक आहे, पण रानातल्या मोहाचं कलम करायचं असतं हे कोणाच्या बापजन्मी ऐकलं होतं? गाडीतून आलेला माणूस हात लावायचा नाही अशा सुरात कलम म्हणतो, तेव्हा ते कलम एकच असतं. कायद्याचं.

मावशीच्या घरात दोन दिवस चूल पेटली नाही म्हणतात. मग तिने ठरवलं. झाड जाणारच आहे, तर निदान त्याचे डहाळे तरी आपल्या शेतात जाऊ देत. आमच्याकडे भाताची रोपं टाकायच्या आधी त्या जागेवर डहाळे, पाला, शेण पसरून जाळतात, त्याला राब म्हणतात. राबासाठी ऐनाचं झाड तोडतील, किंजळीचं तोडतील, पण फुलणाऱ्या मोहाला कोणी कोयता लावत नाही. मावशीने लावायला लावला. घरच्यांना वर चढवून सगळे डहाळे खाली घेतले. त्या वर्षीची फुलं गेली. बुंध्याला मात्र तिने कोणाला हात लावू दिला नाही.

होळीच्या आधी साहेबांबरोबर मी काड्या घ्यायला गेले, तर समोर बोडका मोह.  साहेबांचा पारा चढला. मावशीवर बोट रोखून ते ओरडले, "तुमच्यावर कलम लावीन!"

मावशी शांतपणे म्हणाली, "कलम त तुमी झाडाला लावलाच होता ना, सायेब. आता माला कशाला लावता?"

कोणी हसलं नाही. माझ्या डोक्यात तेव्हा कुठे प्रकाश पडला. मी मावशीला बाजूला घेऊन विचारलं, तिने सगळं सांगितलं. मी पिशवीतला चाकू आणि पट्टी काढून तिथल्याच एका रोपावर तिला दाखवलं, कलम म्हणजे हे. तिने त्या पट्टीवरून बोट फिरवलं. "येवढाच?" ती म्हणाली. "मंग ह्या सांगाला काय झाला होता गो? मी सोता वर चडून काड्या दिल्या असत्या तुला."

मी साहेबांना समजावलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "या लोकांना भाषा कळत नाही त्याला मी काय करणार?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. भाषा कळत नाही? भाषा त्यांना पुरेपूर कळली होती. पिवळ्या पट्ट्याचा अर्थ, आकड्याचा अर्थ, गाडीतून येणाऱ्या माणसाच्या तोंडातल्या कलमाचा अर्थ, सगळा त्यांनी बरोबर लावला होता. तो अर्थ त्यांना शिकवला कोणी? इतकी वर्षं ज्या खुणेने झाडं नेली, तीच खूण झाड राखायला वापरायची आणि वर समोरच्याला अडाणी म्हणायचं, हा कुठला शहाणपणा? मी हे सगळं साहेबांच्या तोंडावर बोलले. नोकरी गेली नाही, कारण कलमं बांधायला दुसरं कोणी नव्हतं. पण मावशीवरची तक्रार साहेबांनी पाठवलीच. आता ती मागे घेता येत नाही, प्रकरण आपल्या हातात राहिलं नाही, असं ते हात झटकून सांगतात. झाड कोणी तोडलं असं पंचनाम्याला विचारलं तेव्हा मावशीने कोणाचं नाव पुढे केलं नाही. मीच सांगितला तोडाला, म्हणाली.

आणि मोह? छाटलेल्या मोहाला उन्हाळ्यात असे सरळ, रसरशीत धुमारे फुटले की मी पाहतच राहिले. कलमाला याहून चांगली काडी मिळायची नाही. पावसाच्या तोंडावर मी ते धुमारे आणले, बांधले, आणि पट्टीच्या वर हिरवे कोंब आले. पाहुणे आले की साहेब त्यांना आधी तिथेच नेतात. छाटणी केल्यामुळे काडी जोमदार मिळाली, असं सांगतात. छाटणी कोणी केली ते सांगत नाहीत. ऐकताना मी हातातलं काम खाली ठेवते, नाहीतर रागाच्या भरात काडी वाकडी तासली जाते.

मावशीसाठी एक कलम मागितलं, तर ते संशोधनाचं आहे, बाहेर देता येत नाही, असं उत्तर आलं. तिच्याच झाडाचं, तिच्याच दारात लावायला.

परवा मी मुरबाडला घरी गेले होते, तर ती एसटी स्टँडवर भेटली. कोर्टातून आली होती. धुतलेलं लुगडं, हातात रिकामी पिशवी, पाड्याकडे जाणारी गाडी लागायची होती. मी शेजारी बसले. तिची पिशवी माझ्या हातात घेतली. तिनेच विषय काढला.

"तुजा कलम जगला का गो, बाय?"

"जगलं, मावशी. चांगलं हातभर झालंय."

तिचा चेहरा खरोखरच उजळला. मला तेच सोसवेना. तिने माझ्या हातातली पिशवी परत घेतली, गाडी लागली तशी उठली, आणि पायरीवर पाय ठेवता ठेवता वळून म्हणाली,

"माजाबी जगलाय. म्होरल्या महिन्यात परत तारीख हाय."