इकडं मामा कोण हाय?

थुंकीवाल्या अप्पांना कशाचीच किळस येत नाही, असं आमच्या दवाखान्यात सगळे म्हणत. ते साफ खोटं होतं. अप्पांना किळस यायची, आणि अशी यायची की कारलं चावल्यासारखं तोंड व्हायचं. फक्त ती आपल्याला ज्याची येते त्याची यायची नाही. क्षयाच्या रोग्यानं डबीत आणलेला हिरवापिवळा, रक्ताची रेघ असलेला बेडका ते खिडकीतल्या उजेडात धरत आणि सराफानं नथीतला मोती बघावा तसा निरखत. "वा, छातीतून आलाय," असं म्हणून रोग्याची पाठ थोपटत. पण नोंदवहीत एक शब्द दिसला की तोंड फिरवत. तो शब्द होता 'हद्दीबाहेर'.

उदगीरच्या पुढे, जिथे महाराष्ट्र संपतो आणि ओढा ओलांडला की कर्नाटक लागतं, तिथल्या एका सरकारी दवाखान्यात अप्पा प्रयोगशाळा सांभाळत. मी लातूरची, मास्तरांच्या घरातली. क्षयरोग्यांच्या नोंदी ठेवायला कंत्राटावर लागले तेव्हा पहिल्या दिवशी ओढणी नाकावर घट्ट बांधून गेले होते. अप्पांनी बघितलं आणि म्हणाले, "तंगी, ती ओढणी सोड अन् खिडकी उघड. वारं खेळतं ऱ्हायलं पायजे. तू नाक दाबून बसलीस तर रोगी खोकायचंच न्हाई, अन् मी तपासू काय?"

मला राग आला. माझ्या तोंडावर हा माणूस मला 'तंगी' म्हणतो म्हणजे काय! दोन दिवसांनी शिपायानं सांगितलं की कानडीत धाकट्या बहिणीला तंगी म्हणतात. पुढे औषधं संपली, काचपट्ट्या संपल्या, लाल रंगाची बाटली रिकामी झाली, की अप्पा मान हलवून म्हणत, "एक तंगी बसलीया टेबलापाशी, दुसरी कपाटात."

थुंकी हा शब्दही त्यांना चालत नसे. सरकारी कागदावर 'थुंकी नमुना' असंच छापलेलं असे, त्यावरून त्यांना नावही तेच पडलं होतं. पण कुणी लाजत लाजत तोंडातली लाळ डबीत सोडून आणली की ते डबी परत देत. "ही थुंकी हाय. ही सायबाला दे. मला बेडका पायजे. भायेर जा, तीन डाव खोल श्वास घे, अन् पोटापासून खोक." सायबाला देण्याचं कारण होतं. आमचे तालुक्याचे मोठे साहेब प्रयोगशाळेच्या दारात येताना नाकाला रुमाल लावत, आणि परत जाताना जीपच्या खिडकीतून गुटख्याची लांबलचक पिचकारी मारत. दवाखान्याच्या जिन्यात 'येथे थुंकू नये' या पाटीखालची भिंत त्यांनी आणि त्यांच्या गोतावळ्यानं तांबडी करून टाकली होती. अप्पा त्या भिंतीजवळून जाताना धोतराचा सोगा वर उचलत. त्या भिंतीची आणि साहेबांची मला आजही किळस येते.

अप्पांचे भाऊबंद उदगीरच्या मोंढ्यात धान्याचे आडते. कपाळावर विभूतीचे तीन पट्टे, गळ्यात लिंग, पूजेशिवाय तोंडात पाण्याचा थेंब नाही, अशा घरातला हा माणूस जगाचे बेडके तपासतो, हे त्यांच्या घशाखाली उतरत नसे. लग्नकार्यात पाहुण्यांना सांगत, "आमचे अप्पा सरकारात हायेत." अप्पा लगेच दुरुस्ती करत, "बेडके तपासतो." शेजारचा पाहुणा ताटासकट सरकून बसे. सांगताना अप्पा हसत, पण एकदा म्हणाले, "लिंगाला हात लावायच्या आधी मी कोपरापातूर हात धुतो. ही माणसं तोलकाट्याला हात लावून आल्यावर धुतात का?"

आता त्या शब्दाकडे येते. ओढ्यापलीकडची गावं कर्नाटकाची. पण त्यांचा आठवडी बाजार आमच्याकडे, दूध आमच्या डेअरीला, लेकी आमच्या गावांत दिलेल्या. साहजिकच खोकलाही आमच्याकडेच येई. वरून हुकूम असा, की आपल्या हद्दीतलाच रोगी नोंदवायचा; पलीकडच्याच्या नावापुढे 'हद्दीबाहेर' लिहून त्याला त्याच्या जिल्ह्याची चिठ्ठी द्यायची. तो जिल्ह्याचा दवाखाना दोन बस बदलून. ताप अंगात घेऊन, रोजगार बुडवून तिथे जाणारा माणूस एकदा जाई, दुसऱ्यांदा जात नसे. औषध अर्धवट सोडी, आणि रोग मुरून निबर होई.

अप्पांनी यावर तोडगा काढला होता. पलीकडचा रोगी आला की ते नाव विचारायच्या आधी विचारत, "इकडं मामा कोण हाय?" सीमेवरच्या माणसाला अलीकडे मामा नाही असं होतच नाही. सख्खा नसला तर चुलत, चुलत नसला तर आईच्या माहेरच्या गल्लीतला. मग पत्त्याच्या रकान्यात मामाचा पत्ता जाई आणि रोग्याला सहा महिन्यांचं औषध इथेच मिळे. मी ते मुकाट्यानं लिहीत असे. होता होता एका सिद्रामप्पाच्या घरात सात भाचरं क्षयाची झाली, आणि साहेबांच्या संगणकानं सिद्रामप्पाचं घर लाल रंगात दाखवलं. फवारणीला माणसं आली. सिद्रामप्पा अप्पांकडे येऊन म्हणाला, "भाचे कितीबी धाडा, पण पुढच्या टायमाला निदान नावं तरी सांगा!"

साहेब खवळले. त्याच सुमारास लातूरला 'सहकार्य बैठक' लागली. दोन्ही राज्यांचे अधिकारी येणार होते. पलीकडचे आलेच नाहीत, त्यांच्या नावाची पाटी मात्र टेबलावर दिवसभर बसून होती. दिल्लीहून एक पाहुणे आले होते. काजू चघळत त्यांनी सांगितलं, की बाहेरच्या श्रीमंत देशांनी हात आखडता घेतलाय, तपासणीच्या मशीनचा आणि औषधांचा माल आता वेळेवर येईल याचा भरवसा नाही, आणि आपणही दुसऱ्यांच्या रोगावर पैसा का घालावा? "अब हर देश अपना-अपना देखेगा." सगळ्या माना हलल्या. माझीही हलली असेल. साहेबांच्या तर चार वेळा हलली.

अप्पा मागच्या रांगेत उठून उभे राहिले. "साब, एक बात बोलूँ क्या? आपको गाजरगवत मालूम है?" पाहुण्यांना ते माहीत नव्हतं. मग अप्पांनी आपल्या दखनीत समजावलं. "मेरा खेत मैं साफ रखता. बाजूवाला नहीं रखता. उसके बांध पर गवत फूलता, और बी उडके मेरे खेत में आता. तो मैं हर साल पहले उसका बांध साफ करता, बाद में मेरा. लोगां बोलते अप्पा दानी है. दानी कायका साब? वारा उदर से आता, इसलिए करता." जरा थांबून म्हणाले, "और ये गवत आया किदर से? बाहर देश के गेहूँ में से आया बोलते. उसको किसने हद्दीबाहेर लिखा?"

कुणीतरी हसलं. साहेबांनी घड्याळ बघितलं. आठ दिवसांनी बैठकीचं इतिवृत्त आलं, ते मीच फायलीला लावलं. त्यात लिहिलं होतं, 'उपस्थितांपैकी एका कर्मचाऱ्याने तण निर्मूलनाबाबत सूचना मांडली. ती कृषी विभागाकडे वर्ग करण्यात यावी.' मी ते वाचून दाखवल्यावर अप्पा खुर्चीवरून उठले. मग नळाखाली जाऊन हात धुऊन आले. बेडके तपासून झाल्यावर धुतात तसे, कोपरापर्यंत.

आणि मग माझी पाळी आली. साहेबांनी मला बोलावून सांगितलं, की आधारकार्डावरचाच पत्ता लिहायचा. पुन्हा एकही मामा दिसला तर कंत्राट पुढे चालू राहणार नाही. पुढच्याच आठवड्यात अप्पा मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी रजेवर गेले. जन्मभर सूक्ष्मदर्शकात घातलेले डोळे होते ते. त्या रजेतच महादेवी आली.

विशीतली पोर, काटकुळी, डोक्यात अबोलीचा सुकलेला गजरा. बदली माणसानं काच बघून सांगितलं, जंतू आहेत. मी आधार मागितलं. पत्ता पलीकडचा. मी पेन उघडलं, तेव्हा ती घाईघाईनं म्हणाली, "इकडं मामा हाय ना माझा. तुमच्या गावातच हाय. मी त्येच्यापाशीच ऱ्हायलालेय." तिला कुणीतरी शिकवून पाठवलं होतं, की इथे मामा सांगायचा असतो. आणि तिचा मामा तर खराच होता. मी ते ऐकलं. नीट ऐकलं. आणि लिहिलं, 'हद्दीबाहेर'. चिठ्ठी तिच्या हातात दिली. तिनं ती घडी करून पोलक्यात ठेवली आणि "बरं, अक्का" म्हणून गेली.

साहेबांची मला किळस येते असं मी वर लिहिलं. ते खरं आहे. पण त्या दिवशी कुणी माझा हात धरून लिहून घेतलं नव्हतं. अक्षर माझं आहे, चांगलं वळणदार.

महादेवी जिल्ह्याला एकदा गेली. पंधरा दिवसांचं औषध मिळालं. पुन्हा गेली तेव्हा माल आला नव्हता, नंतर या म्हणाले. ती मामाच्या घरी खोकत पडून राहिली, मधेच कुठल्यातरी दुकानातून आणलेल्या गोळ्या खात. दोन्ही डोळ्यांची ऑपरेशनं होऊन अप्पा चार-पाच महिन्यांनी कामावर परतले, तोवर ती वारली होती. हे आम्हाला कळलं ते तिचा मामा स्वतःची डबी घेऊन दारात उभा राहिला तेव्हा. तो खोकत होता, आणि म्हणाला, घरी बायकोही खोकते.

अप्पांनी काच तयार केली, लाल रंग चढवला, धुतली, निळा चढवला. मग मला हाक मारली. "ये तंगी, हितं बस." इतक्या दिवसांत मी कधी त्या भिंगात बघितलं नव्हतं, घाण वाटायची. त्या दिवशी बसले. निळ्या पाण्यात लाल काड्या पडल्या होत्या. बारीक, किंचित वाकलेल्या. दिसायला सुंदर होत्या, हे सांगायला लाज वाटते.

"दिसली का हद्द?" अप्पांनी विचारलं. "ह्यातली कर्नाटकाची कोणती, आपली कोणती, तेवढं दाखव. मंजी मला लिहाया बरं."

मी रडायला लागले. ते रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी खिडकी आणखी उघडली आणि म्हणाले, "रडून काय व्हतंय? मामाचं नाव लिही. ह्यो तर हद्दीतलाच हाय."

मामाचा क्षय साध्या औषधांना दाद न देणारा निघाला. दीड वर्ष गोळ्या आणि इंजेक्शनं घेऊन तो वाचला, पण इंजेक्शनांपायी त्याचा एक कान गेला. आता हाक मारली तर दुसरा कान पुढे करतो. मला ओळखतो, नमस्कार करतो. मी रस्ता बदलते.

अप्पा निवृत्त झाले तेव्हा साहेबांनी शाल-नारळ दिला आणि भाषणात 'अप्पांनी कधी हद्द पाहिली नाही, फक्त माणूस पाहिला' असं वाक्य टाकलं. टाळ्या पडल्या. साहेबांच्या तोंडात तेव्हाही गुटखा होता, त्यामुळे 'माणूस' नीट उमटला नाही. जाताना अप्पांनी मला फक्त एवढंच सांगितलं, "तंगी, इचारायचं सोडू नको." काय विचारायचं, हे सांगायची गरज नव्हती.

गेल्या वर्षी ते गेले. मी उदगीरला मातीला गेले होते. त्यांच्यात आडवं पुरत नाहीत. मांडी घालून बसवतात, हातात लिंग ठेवतात. अप्पा खड्ड्यात बसलेले दिसले तेव्हा मला वाटलं, आता मान वर करून म्हणतील, खोल श्वास घे. मोंढ्यातले भाऊबंद सगळे हजर होते. नाकाला रुमाल लावून.

परवा टीव्हीवर कुठल्याशा मोठ्या देशाचा पुढारी छाती काढून सांगत होता, की आता आमचा पैसा आमच्याच माणसांसाठी. आपल्याकडचेही चारजण चर्चेला बसून वाहवा करत होते. किती देखणे, किती इस्त्रीचे कपडे! मी टीव्ही बंद केला.

सकाळी दवाखान्यात एक नेपाळी पोऱ्या आला, चायनीजच्या गाड्यावर काम करणारा. बेडक्यात रक्त होतं. साहेब तेच आहेत, फक्त पोट वाढलंय. दारातूनच म्हणाले, "परदेशी आहे ना? मग काय विचारता, हद्दीबाहेर लिहा."

मी त्याला विचारलं, "इधर मामा कौन है?"

तो खोकता खोकता हसला. "दीदी, मेरा मामा इधर कहाँ से आएगा?"

मी पेन उघडलं आणि पत्त्याच्या रकान्यात अप्पांचं नाव लिहिलं. नातं, मामा. गाव, उदगीर. कुणाला पडताळून बघायचं असेल तर खुशाल जावं. मामा तिथेच आहेत, मांडी घालून बसलेत.